नुसते ओठ हलवायचे

माझं नाव कोकिळा. हसून घ्या, मी थांबते. आमच्या खानदेशात दर चार घरांआड एक कोकिळा असते आणि त्यात कुणाला काही गंमत वाटत नाही. गंमत वाटते ती मी तोंड उघडल्यावर. माझा आवाज जन्मापासून असा आहे. जाड, खरखरीत, जात्यात खडा आल्यासारखा. मी पाळण्यात रडले तेव्हा शेजारच्या बाईने म्हणे दारातून विचारलं होतं की घरात कोणी बाप्या आजारी आहे का. मोठी काकू सांगायची, मी पोटात असताना माय आठव्या महिन्यापर्यंत मिरची वाळवायच्या पथारीवर कामाला होती, आणि त्या खाटानं, म्हणजे ठसक्यानं, पोरीचा गळा आतल्या आत भाजला. नाना, म्हणजे माझे वडील, शाळामास्तर होते. ते म्हणायचे, असं काही नसतं, घशातला पडदाच तसा असतो. पण आमच्या धानोऱ्यात पडद्याची गोष्ट कोण ऐकतो? मिरचीची गोष्ट कशी पटकन समजते. मलाही तीच आवडायची. अजूनही पौष-माघात कुठून मिरचीचा ठसका आला की मी उगाच खोल श्वास घेते, आणि सूनबाई आतून ओरडते, "आई, मास्क लावा!"

आमच्या घरात आवाजाची कमतरता नव्हती. पहाटे पिठाची गिरणी पुकपुकायला लागायची, गोठ्यात बैल मान हलवायचे की घुंगरं वाजायची, ओसरीवर नाना पोरांना पाढे म्हणायला लावायचे. मोठ्या काकूचं तर विचारू नका. ती सकाळी विहिरीवर बोलली की आम्हाला घरात बसून गावाची बातमी कळायची. या सगळ्यात माझी माय मात्र कुजबुजत असायची. खरंच, मी तिचा मोठा आवाज कधी ऐकला नाही. नानांना अंगणातून जेवायला बोलवायचं असलं तर ती पळीने पितळी पातेल्यावर दोनदा वाजवायची. मला बोलवायचं असलं तर तीनदा. गावातल्या सासवा आपल्या सुनांना तिचा दाखला द्यायच्या, की सुपडाबाईचा आवाज कधी ओट्याखाली उतरला का बघा. मला वाटायचं, इतक्या शांत बाईच्या पोटी मी असली कशी आले. मायलाही तसंच वाटत असणार, अशी माझी खात्री होती. दुपारी ती आणि मी कांडलेल्या मिरचीचं तिखट चाळत बसायचो, नाकाला पदर बांधून, न बोलता. चाळणीची ती एकसुरी सळसळ आणि दारातून येणारं पिवळं ऊन मला आजही झोपेत जाणवतं, आणि जागं झाल्यावर काही वेळ मी कुठल्या घरात आहे तेच कळत नाही.

रवीभाऊ हा मोठ्या काकूचा मुलगा, माझ्याहून दोन वर्षांनी मोठा. तो पुण्याला डिप्लोमाला गेला आणि केस वाढवून परत आला. सोबत एक टेपरेकॉर्डर आणि एक कॅसेट. कॅसेटवर अस्सल चित्र नव्हतं, कागदाची काळी झेरॉक्स होती, त्यावर काटेरी झुडपासारखी अक्षरं. हॉस्टेलमधल्या कुणीतरी कुणाकडून तरी पोस्टाने मागवलेली. त्याने ती मधल्या घरात लावली आणि माय पोळपाट तसाच टाकून बाहेर आली.

"रवी, कोनी रेडा कापी ऱ्हायना का रे घरमा?" तिने हळूच विचारलं.

"काकू, हाऊ मानूस गाई ऱ्हायना."

"हाई गानं शे?" माय म्हणाली, आणि पदर तोंडाला लावून इतकी हसली की तिला खाली बसावं लागलं.

तो माणूस पोलंडचा होता. नाव वोयतेक. नानांनी शाळेचा नकाशा आणून पोलंड शोधून दाखवला आणि "थंडी लई" एवढंच शास्त्रीय मत दिलं. वोयतेक आणि त्याचे तीन मित्र कुठल्याशा तळघरात, घरातल्या बायाबापड्यांच्या शिव्या खात, हे असलं वाजवायचे. ढोल इतके जलद की शिमग्याचा ढोलवाला घाबरावा, आणि त्यावर हा माणूस पोटातून गुरगुरायचा. रवीभाऊ मला म्हणाला, "कोके, ऐक. हाऊ मानूस तुन्हा आवाजमा गास."

मला राग आला. मी त्याला लाटणं फेकून मारलं. पण दुपारी तो झोपल्यावर मी हळूच ती कॅसेट लावली आणि टेपला कान चिकटवून ऐकली. काय सांगू तुम्हाला! सगळं अंग शहारलं. मला वाटलं होतं देवाने हा आवाज चुकून मला दिला. इथे एक गोरा माणूस, देवाने चांगला दिलेला गळा मुद्दाम खरवडून, माझ्यासारखा करत होता. लोक त्यासाठी पोस्टाने पैसे पाठवत होते. मी त्या दिवशी चहा करायला विसरले.

मला गायची किती हौस होती ते आता सांगून टाकते, या वयात लाज कसली. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्या घरी कानबाई, आमची खानदेशी देवी, बसायची. पाटावर कलश, त्यावर नारळाचा मुखवटा, नथ, हिरवं लुगडं, भोवती केळीचे खांब. नैवेद्याच्या रोटाचे गहू सव्वा मुठीने मोजून वेगळे दळायचे, पुरणपोळ्या, खीर, गंगाफळाची भाजी, कढी. रोट भाऊबंदांनीच खायचे, बाहेर जाऊ द्यायचे नाहीत. घरभर तुपाचा आणि ओल्या कण्हेरीचा वास. आणि बायकांची गाणी. मोठी काकू गाणं उचलायची आणि बाकीच्या मागून धरायच्या. आमच्या घराचे गाण्याचे दोन नेम होते. एक, कानबाई पाटावर असेपर्यंतच घरात गाणं म्हणायचं. ती उठली की रस्त्यावर म्हणा, नदीवर म्हणा, पण रिकाम्या पाटापुढे नाही. दुसरा, सुरू केलेलं गाणं अर्धं सोडायचं नाही. एखादीला खोकला आला तर शेजारणीने ओळ उचलायची. अर्धं राहिलं तर कानबाई त्या ओळीतच अडकून बसते, तिला जाता येत नाही, असं काकू डोळे मोठे करून सांगायची.

मी आठ वर्षांची असताना एकदा जोरात सूर धरला. सगळ्या बायका गाणं तोडून हसल्या असत्या, पण तोडता येत नाही म्हणून हसत-हसत म्हणत राहिल्या. माझ्या कानाशी माय वाकली. "नुसता व्होट हालाव, माय. आवाज काढू नको." तेव्हापासून दर वर्षी मी पहिल्या रांगेत बसून, डोळे मिटून, तालात टाळ्या वाजवत नुसते ओठ हलवत आले. कानबाईला तरी काय दिसत असेल, पाण्यातल्या मासोळीसारखी एक पोरगी.

त्या वर्षी प्रकरण अधिक नाजूक होतं. माझी तीन स्थळं मोडून झाली होती. पहिल्या वेळी मुलाच्या मामांनी नाव विचारलं, मी "कोकिळा" म्हटलं, आणि त्यांच्या नाकातून पोहे बाहेर आले. चौथं स्थळ विसरवाडीचं होतं आणि मुलाची आई कानबाईच्या दर्शनाला आमच्याकडे मुक्कामी येणार होती. माय आठ दिवस आधीपासून मला सांगत होती, विचारलं तर मान हलव, मी बोलेन. बिचारी कुजबुजून-कुजबुजून दमली. आणि तिकडे रवीभाऊचं वेगळंच चाललेलं. त्याने त्या वोयतेकला पत्र लिहिलं होतं आणि त्याचं उत्तर आलं होतं. दुसरी कॅसेट पाठवतो, पैसे नकोत, तुमच्या गावचं गाणं भरून पाठवा. रवीभाऊने टेप घेऊन बायकांना विनवलं. पण त्यांनी त्याला अक्षरशः हाकलून लावलं. कानबाईचं गाणं डबीत कोंडायचं? मोठ्या काकूने तर पोटच्या पोराला फुंकणी दाखवली.

रविवारी संध्याकाळी गाणी झाली. विसरवाडीची बाई माझ्या शेजारी बसली होती, गोरी, ठेंगणी, पान खाणारी. मी असे ओठ हलवले, असे हलवले, की तिने माझ्या पाठीवरून हात फिरवला आणि मायला म्हणाली, पोरगी भक्तिभावाची शे. माय हसली. मला मात्र त्या क्षणी रडू फुटायला आलं. मनात आलं, हे असंच चालणार. मी सासरी जाईन, तिथेही ओठ हलवीन, मरेन, आणि मी कशी गाते हे या जगात एकाही माणसाला कळणार नाही. मला फार मोठं काही नको होतं हो. एकदा, एकाच माणसाने, न हसता शेवटपर्यंत ऐकावं, बस.

सोमवारी सकाळी कानबाई डोक्यावर घेऊन सगळी मिरवणूक नदीकडे निघाली, पाहुणी बाईसुद्धा. मी मायला म्हटलं, "पोट दुखस." ती कलशामागे निघून गेली. ढोल वळणापलीकडे गेला तसं घर एकदम मोठं झालं. केळीचे खांब वाकलेले, जमिनीवर हळदीकुंकू सांडलेलं, पाट रिकामा. रवीभाऊचा टेप कोनाड्यात होता. तो दुपारच्या गाडीने पुण्याला जाणार होता, आदल्या रात्री मला म्हणाला होता, "तू म्हन कोके. कोनले कळस?" मी रिकाम्या पाटासमोर बसले आणि दोन बटणं एकदम दाबली, लाल आणि काळं.

मी गायले. मोठ्या काकूचंच सगळ्यांत लांब गाणं, ज्यात कानबाई एकेका भावाच्या दारी थांबते आणि निरोप घेते. पहिल्या ओळीला मीच दचकले, इतका मोठा माझा आवाज घरात फिरला. माळ्यावरची भांडी बारीक वाजली. दुसऱ्या ओळीला भीती गेली. तिसऱ्याला मी वोयतेकसारखं पोटातून घेतलं, आणि काय खोल गेला तो सूर, विहिरीत सोडलेल्या दोरासारखा, संपेचना. मी डोळे मिटले होते. मला वाटत होतं मी कुठेतरी बर्फात उभी आहे आणि लांबून कोणी ऐकतंय. पाच भाऊ झाले, दोन राहिले होते. तेवढ्यात ओसरीची कडी वाजली.

माय होती. मी मागे वळून बघितलं नाही, पण तिचं पाऊल मी ओळखणार नाही का? शिदोरीची दहीभाताची वाटी घरी विसरली होती, ती न्यायला ती परत आली होती. मी गाणं तोडलं आणि मागल्या दाराने गोठ्यात पळाले. बैलाच्या आड उकिडवी बसले. रिकाम्या पाटापुढे गाणं म्हटलं, आणि तेही अर्धं टाकलं. दोन्ही नेम एका दमात मोडले. टेप बंद करायचा राहिला हे तर लक्षातच आलं नाही. नदीवरून ढोल ऐकू येत होता, बैल माझ्या केसांशी नाक लावून फुसफुसत होता, त्यामुळे घरात काय चाललंय ते काही मला कळलं नाही. बऱ्याच वेळाने पितळी पातेल्यावर तीनदा वाजलं. मी आत गेले. तोवर कॅसेट संपून बटण आपोआप वर आलेलं. माय म्हणाली, "भाकर खाई ले," आणि वाटी घेऊन नदीकडे निघून गेली. रवीभाऊने धावत येऊन टेप पिशवीत कोंबला आणि गाडी गाठली. ती कॅसेट त्याने न ऐकताच पुण्याहून पोस्टात टाकली. पत्रात माझं नाव लिहिलं नाही. पोरीचं नाव परक्या पुरुषाला कसं कळवायचं? "आमच्या गावातली एक बाई," एवढंच.

चौथं स्थळ जमलं. लग्नानंतर पहिल्यांदा बोलले तेव्हा आमच्या ह्यांनी विचारलं, "सर्दी झाली का?" मी हो म्हटलं. ती सर्दी अकरा दिवस चालली. बाराव्या दिवशी ते म्हणाले, "आता राहू दे ती सर्दी, बोल तू." भला माणूस मिळाला मला. पण माहेरी गेले की त्या कोपऱ्यात, जिथे पाट मांडायचे, तिथे मी कधी बसले नाही. शिकलीसवरलेली बाई मी, तरी वाटायचं, कानबाई तिथे अडकलीय माझ्यामुळे, दोन भावांचा निरोप राहिलाय तिचा. पहिलं मूल गेलं तेव्हा तर मी ठरवूनच टाकलं की हे त्या अर्ध्या गाण्याचंच आहे. मायला सांगायचं धाडस झालं नाही.

वोयतेकचं एक पोस्टकार्ड आलं होतं, लग्नाआधीच, रवीभाऊच्या पत्त्यावर. इंग्रजी आमच्यासारखंच मोडकं. त्याने लिहिलं होतं की ती बाई गळ्याने गातच नाही, त्याच्या खालून गाते. माझा आवाज वीस मिनिटांत बसतो, तिचा कसा बसत नाही ते विचारून कळवा. आणि शेवटचा भाग सगळ्यांत सुंदर आहे. शेवटचा भाग? मी हसले. शेवटी तर मी पळाले होते. म्हटलं, गोरी माणसं सभ्य असतात, काहीतरी चांगलं लिहायचं म्हणून लिहितात. तरी ते कार्ड मी लुगड्यांच्या घडीत ठेवलं. पुढे एसटीत कारकून लागले, आणि एकदा घोषणा करणारे भाऊसाहेब आजारी पडले तेव्हा साहेबांनी गमतीने माईक माझ्या हातात दिला. मी कार्ड आठवलं, पोटातून श्वास घेतला आणि म्हटलं, "धडगावकडे जाणारी गाडी फलाट क्रमांक तीनवर लागली आहे." सगळं स्टँड वळून बघायला लागलं. मग रिटायर होईपर्यंत माईक माझाच. डोंगरातल्या म्हाताऱ्या मला हात हलवून जायच्या.

वोयतेकचंही तिकडे बरं चाललं. रवीभाऊ कळवत असायचा. वोयतेक तोंडाला चुना फासून हजारो लोकांपुढे गातो. वोयतेकचं घशाचं ऑपरेशन झालं. वोयतेक आता गात नाही, सिनेमात काम करतो. पहिल्या सिनेमात तो प्रेत झाला होता, दुसऱ्यात बढती मिळून पाद्री. मग सिनेमांना संगीत द्यायला लागला. आम्ही दोघं एकमेकांना न बघता म्हातारे होत गेलो.

माय जाऊन आठ वर्षं झाली. शेवटपर्यंत कुजबुजतच गेली.

गेल्या पावसाळ्यात एका दुपारी रवीभाऊने मोबाईलवर एक सिनेमा पाठवला. "आपला रेडा म्हातारा झाला, बघ." वोयतेक त्यात एकटा लाकूडतोड्या झालाय. पांढरी दाढी, झोपडी, बर्फच बर्फ. तो एक शब्द बोलत नाही. शेवटी तो मेलेल्या बायकोच्या बिछान्याशी बसतो, आणि बर्फातून एक आवाज येतो. मी चहाचा कप खाली ठेवला. माझाच होता. अठरा-एकोणीस वर्षांची मी, धानोऱ्याच्या मधल्या घरात. मी मोबाईल छातीशी धरून बसले आणि पाच भाऊ मोजले. पाचवा झाला. कडी वाजली. माझी पळती पावलं.

आता थांबणार, म्हणून मी डोळे मिटले. थोडा वेळ नुसतं बर्फातलं वारं. मग सहाव्या भावाची ओळ आली.

मला आधी वाटलं त्यांनी काही जोडलंय. तोच आवाज, जाड, खरखरीत, खालून येणारा. पण जरा दमलेला, घाई नसलेला. मग सातवा भाऊ. गाणं संपलं, आणि तो आवाज हळूच म्हणाला, "व्हई गयं, कानबाई माय. आते जा तू." आणि कुजबुजीवर उतरल्यावर मी तो ओळखला. माझी माय, देवा! माझ्या शेजारी पहिल्या रांगेत बसून आयुष्यभर तीही नुसते ओठच हलवत होती, आणि मला काय माहीत. पातेलं का वाजवायची, ते आता कळलं. तिने मला तेच शिकवलं जे तिने स्वतः केलं, आणि मी समजत राहिले की तिला माझी लाज वाटते. मी हमसून रडले. सूनबाई धावत आली, तिला मी काय सांगणार?

शेवटी पांढरी अक्षरं वर सरकली. रवीभाऊने फोनवर वाचून अर्थ सांगितला. आवाज, भारतातली एक अनोळखी स्त्री. "कोके, तुन्हं नाव नही शे व. मीच दिन्हं नव्हतं तव्हय," तो म्हणाला. त्याला वाटलं मी नावासाठी रडतेय.

त्या सिनेमाच्या कंपनीचा पत्ता त्याच्याकडूनच घेतला आणि दुसऱ्या दिवशी पत्र लिहिलं. मराठीतच लिहिलं, म्हटलं, इंग्रजी रवीभाऊ करील. फार काही लिहिलं नाही. नमस्कार, वोयतेकभाऊ. ती बाई मी आहे. न हसता शेवटपर्यंत ऐकल्याबद्दल तुमचे उपकार. शेवटचा भाग सगळ्यांत सुंदर आहे हे तुम्ही तेव्हाच लिहिलं होतं, मला आज कळलं. मात्र एक चूक झाली आहे, ती सुधारून घ्या. तिथे एक बाई नाही, दोन आहेत. सुरुवात माझी. शेवट सुपडाबाईंचा.